मिठाचा संशय

वारंगा फाट्यावर गाडी लागली की सर तिच्या कपाळावरची पाटी मोठ्यानं वाचायचे, "हिंगोली." मग ड्रायव्हरला विचारायचे, "हिंगोलीच ना?" तो मान हलवायचा. मग कंडक्टरला. मग वर चढून खिडकीतल्या एखाद्या म्हातारीला, "मावशी, तुम्ही कुठं चाललात?" ती हिंगोली म्हणाली तरी सर उभेच. म्हातारीच चुकीच्या गाडीत बसली असेल तर? आणि एवढं करून या गृहस्थांना हिंगोलीला जायचंच नसायचं, मध्येच आखाडा बाळापूरला उतरायचं असायचं. मी सोबत असले की कंडक्टर हळूच मला विचारायचा, "म्याडम, हे बराबर हायेत ना?" मी म्हणायची, "बराबर आहेत. जरा जास्तच बराबर आहेत."

सर आमच्या कनिष्ठ महाविद्यालयात जीवशास्त्र शिकवायचे आणि मी मराठी. वय पन्नाशीच्या पुढचं, अंगात बिनइस्त्रीचा पांढरा शर्ट, खांद्याला पिशवी आणि पिशवीत स्वतःचा पेला. बाहेर चहा घ्यायचा तर याच पेल्यात. त्याआधी दुधात पाणी नाही ना म्हणून त्याचा एक थेंब तिरप्या फरशीवर सोडून ओघळ बघायचा. आमच्याकडे घरोघरी हळद, शिजवायच्या दिवसांत गावभर तिचाच वास. अशा गावात हा माणूस कुणाच्याही घरी जाऊन ग्लासभर पाण्यात चिमूटभर हळद टाकायचा आणि ती तळाला कशी बसते ते बघत राहायचा. यजमान समोर ताटकळत. एका पालकानं एकदा चिडून विचारलं, "सर, हळद आमच्या शेतातली हाय, घरी शिजवलेली. आमच्यावर बी इश्वास न्हाई का?"

"तुमच्यावर आहे," सर म्हणाले. "हळदीवर नाही."

लग्न केलेलं नव्हतं. तिथंही खात्री पटली नसावी, असं आमच्या स्टाफरूमचं मत होतं. मी ते त्यांच्या तोंडावर म्हणून दाखवलं तेव्हा ते रागावले नाहीत. म्हणाले, "मॅडम, खात्री झाली की माणूस बघायचं थांबतो." हे त्यांचं आवडतं वाक्य. पोरांना वर्षाच्या पहिल्या तासाला हेच सांगायचे आणि शेवटच्या तासालाही हेच. मला ते वाक्य तेव्हा फुशारकीचं वाटायचं. खरं सांगायचं तर मला तो माणूसच आवडायचा नाही. सतत आपल्यावर डोळा ठेवणारा माणूस कुणाला आवडेल?

पोरं त्यांना मागून 'खारे सर' म्हणायची. त्याला कारण त्यांचा मिठाचा तास. मीठ म्हणजे सोडियम आणि क्लोराइड, पाण्यात पडले की दोघं सुटे होतात, आणि पेशीच्या पडद्यातून आत-बाहेर करायला प्रत्येकाचं दार वेगळं असतं, एवढी गोष्ट ते आठवडाभर शिकवायचे. वर्गाला दोन दारं होती. अर्ध्या पोरांना सोडियम करायचे, अर्ध्यांना क्लोराइड, आणि सगळ्यांना बाहेर व्हरांड्यात काढायचे. सोडियमनं पुढच्या दारानं आत यायचं, क्लोराइडनं मागच्या. प्रत्येकाची जोडी ठरलेली. जोडीदाराला जाता आलं नाही तर दुसऱ्यानंही जायचं नाही. मग सर मागच्या दाराला आतून कडी घालायचे.

शेजारच्या वर्गात माझा तास चाललेला असायचा आणि बाहेर हा गोंधळ. एकदा प्राचार्य आले. उन्हात उभी पोरं बघून म्हणाले, "ही सगळी बाहेर काहून?"

"मागचं दार बंद आहे," सर म्हणाले. "म्हणून मीठ बाहेर राहिलं."

"पुढचं तर उघडंच दिसून राहिलं की!"

"उघडं आहे. पण जोडीदार अडकलाय. एकाचं दार बंद झालं की दुसऱ्याचंही जाणं अडतं." मग प्राचार्यांना तसंच उभं ठेवून ते पोरांकडे वळले. "आपल्या घामाच्या नळीत असंच असतं. घाम तयार होतो तेव्हा पुष्कळ खारट असतो. बाहेर येता येता शरीर त्यातलं बरंचसं मीठ परत आत ओढून घेतं. क्वचित एखादं लेकरू असं जन्मतं की त्याचं क्लोराइडचं दार उघडतच नाही. मग मीठ घामातून वाया जातं. लिहून घ्या, दोन मार्काला येतं."

माझी पोरंही खिडकीतून हे ऐकत होती. मी फळ्यावर समास लिहीत होते आणि मनात म्हणत होते, कसले हे दोन मार्क आणि कसला हा तमाशा.

त्याच सरांना आमच्या घरामागच्या दोन खोल्या भाड्यानं दिल्या त्या मनूच्या बाबांनी. मनू म्हणजे माझी मुलगी, तेव्हा जेमतेम वर्षाची. सरांनी खोल्या घेण्याआधी भिंती ठोकून बघितल्या, नळाचं पाणी बाटलीत भरून उन्हात धरलं, आणि राहायला आल्यावर दाराला दोन कुलपं घातली. रोज सकाळी कुलपं लावायची, ओढून बघायची, फाटकापर्यंत जायचं, परत येऊन पुन्हा ओढायची.

माझ्या सासूबाई, त्यांना आम्ही आत्याबाई म्हणतो, भाजी निवडता निवडता हे सगळं बघायच्या. "एकटा जीव, दोन पातेली," त्या म्हणायच्या. "अन् कुलपं दोन! एवढं काय दडवून ठिवलंय यानं?"

दडवलेलं नव्हतंच काही. खिडकीत उघड्यावर काचेच्या बरण्या होत्या. पण त्यात काय होतं, तर कवच नसलेली अंडी! व्हिनेगरमध्ये अंडं ठेवलं की वरचं कवच विरघळतं आणि नुसता पडदा उरतो. साध्या पाण्यात ते टम्म फुगतं, मिठाच्या पाण्यात सुरकुततं. पोरांना दाखवायला त्यांनी ती करून ठेवली होती. मला हे ठाऊक होतं, मी समजावूनही सांगितलं. पण आत्याबाईंना दिसलं ते एवढंच, की परक्या माणसाच्या खिडकीत एक नागडं अंडं आहे, ते एके दिवशी मोठं असतं आणि दुसऱ्या दिवशी बारीक होतं. मराठवाड्यातल्या त्यांच्या पिढीच्या बाईला भानामती ओळखायला याहून जास्त काही लागत नाही. "अंडं हाय, मीठ हाय," त्या म्हणाल्या. "आता लिंबूच ऱ्हायलंय."

मला हसू यायला हवं होतं. आलं नाही, कारण आमच्या घरात तेव्हा हसण्यासारखं काही नव्हतं.

मनूच्या आधी मला एक मुलगा झाला होता. सारखा खोकायचा. खायचा भरपूर पण अंगी लागायचं नाही, शी तेलकट आणि घाण वासाची. डॉक्टर औषध देत होते, आम्ही पाजत होतो. वर्षाचा व्हायच्या आत, एका उन्हाळ्यात, दुपारी त्यानं मान टाकली ती टाकलीच. मनूचंही सगळं तसंच चाललं होतं. तोच खोकला, तेच बारके हातपाय. मी रात्रंदिवस तिच्या छातीला कान लावून असायची. हीसुद्धा जाणार, हे मला कुणी बोलून दाखवत नव्हतं, पण शेजारणी मनूकडे बघून नजर वळवायच्या त्यातून ते कळत होतं. आत्याबाईंना वाटायचं माझ्या माहेरच्यांनी काहीतरी लपवलंय. मला वाटायचं यांच्याच घराण्यात काहीतरी आहे. बोलत कुणीच नव्हतं, नुसतं एकमेकींच्या ताटाकडे बघत जेवत होतो.

उपाय म्हणून आत्याबाई रोज दिवेलागणीला मनूची दृष्ट काढायच्या. मुठीत मीठ, मोहरी आणि लाल मिरच्या घ्यायच्या, मनूवरून ओवाळायच्या, मूठ तिच्या कपाळाला टेकवायची आणि शेगडीत टाकायची. मिरच्यांचा ठसका आला नाही तर नजर जबर. ठसका यायचाच, आणि सगळ्यांत जास्त मनूलाच यायचा. तिचं खोकणं थांबायचं नाही. आत्याबाई म्हणायच्या, नजर सोडून चालली, म्हणून तकलीफ होऊन राहिली.

त्या उन्हाळ्यात मनूनंही मान टाकली. अंगणातल्या सावलीत खेळता खेळता ढिली पडली, डोळे वर. आम्ही तिला घेऊन हिंगोलीला धावलो. डॉक्टरांनी सलाईन लावलं, आणि संध्याकाळी मनू हसली! ऊन लागलं असेल, असं डॉक्टर म्हणाले, आणि ऊन होतंच तसं. दुसऱ्या दिवशी आम्ही घरी आलो तेव्हा सर अंगणात उभे होते. तब्येत कशी आहे वगैरे काही विचारलं नाही.

"सलाईन लावल्यावर किती वेळात हसली?"

"लगेचच म्हणा ना," मी म्हणाले.

"सलाईनमध्ये काय असतं?"

मला त्या क्षणी त्यांचा इतका राग आला! माझी मुलगी मरणाच्या दारातून आली होती आणि हा माणूस माझी तोंडी परीक्षा घेत होता. "तुम्हीच सांगा," मी म्हणाले आणि आत गेले.

"मिठाचं पाणी," ते माझ्या पाठीमागे म्हणाले. मला नाही, स्वतःलाच म्हणाल्यासारखं.

तेव्हापासून ते मनूकडे बघायला लागले. कुंपणाशी थांबून, दारातून, खिडकीतल्या त्या बरण्यांच्या वरून. जवळ कधी यायचे नाहीत, हात लावायचे नाहीत, नुसतं बघायचे. आता मलाही भीती वाटायला लागली. शिकलेली बाई मी, पोरांना निबंधात अंधश्रद्धेचे तोटे लिहायला लावणारी, पण सर अंगणात आले की मी मनूच्या तोंडावरून पदर ओढायला लागले.

आणि मग ती दुपार. धुण्याच्या तारेवर मनूचं निळं झबलं वाळत टाकलेलं होतं, न धुतलेलं, नुसतं घामानं भिजलं म्हणून. आत्याबाई मागल्या दारातून ओरडल्या तशी मी धावले. सर तारेशी उभे होते. झबल्याच्या गळ्यावर पांढरी किनार धरली होती, ती त्यांनी नखानं खरवडली होती आणि ते बोट त्यांच्या तोंडात होतं.

"लेकराचं झबलं चाटून राहिला गं हा!" आत्याबाईंनी आख्खी गल्ली गोळा केली. "मी म्हणत व्हते का न्हाई? म्हणत व्हते का न्हाई?"

मनूचे बाबा शेतातून नुकतेच आले होते. त्यांनी सरांच्या शर्टाला हात घातला नाही एवढंच. "सर, काय लावलंय तुमी हे?"

सर घाबरले होते. बोट अजून तसंच वर धरलेलं. "हे मीठ कुठून आलं?" त्यांनी विचारलं.

"कुठून म्हंजी?" आत्याबाई म्हणाल्या. "मी रोज दृष्ट काढते तिची. मूठ टेकवते कपाळाला. ते लागणारच की अंगाला."

हे उत्तर सरांना बरोबर वाटलं असावं, आणि माझ्या लक्षात आलं की त्यांना त्याचा आनंदच झाला होता. मग त्यांच्या चेहऱ्यावर तो नेहमीचा संशय हळूहळू परत आला. "मग आठ दिवस दृष्ट काढू नका," ते म्हणाले.

झालं! दृष्ट काढू नका असं कोण म्हणेल? ज्यानं ती लावली तो. गल्लीत कुणालाच शंका उरली नाही. मनूचे बाबा म्हणाले, "महिन्याच्या आत खोल्या खाली करा."

"करतो," सर म्हणाले. "पण माझी नजर लागली म्हणता ना? मग पोरीचं राहू द्या. माझ्यावरूनच ओवाळा."

"नजर लावणाऱ्याची कुणी काढत न्हाई," आत्याबाई फणकाऱ्यानं म्हणाल्या आणि झबलं तारेवरून ओढून आत गेल्या.

दुसऱ्या दिवशी मी त्यांना स्टाफरूममध्ये गाठलं. बाकी सगळे तासाला गेले होते. मी दार लोटून घेतलं आणि विचारलं, "खरं सांगा, तुम्हाला काय माहीत आहे?"

"काहीच नाही," ते म्हणाले. त्यांच्या हातात अकरावी-बारावीला लावलेलं जुनं पुस्तक होतं. "मॅडम, मी डॉक्टर नाही. मला फक्त एक ओळ माहीत आहे. ज्या लेकरांचं क्लोराइडचं दार उघडत नाही त्यांचा मुका खारट लागतो, खोकला असतो, अंग धरत नाही. एवढीच ओळ. इतकी वर्षं शिकवली, एकदाही खरी होताना बघितली नाही. आणि एका ओळीवरून मी तुमच्या घरात हे सांगायचं? खोटी निघाली तर?"

"आणि खरी निघाली तर?"

त्यांनी माझ्याकडे बघितलं नाही. "तर उपाय असतात. बरं करणारे नाहीत, पण जगवणारे असतात. माझ्यावर विश्वास ठेवू नका. चाखून बघा. तुम्ही नको, तुम्ही आई आहात, तुम्हाला जे हवं तेच लागेल. तुमच्या सासूबाईंना चाखू द्या. त्या माझ्या विरोधात आहेत."

मी घरी येऊन आत्याबाईंना ते तसंच सांगितलं. त्या आधी खवळल्या. "मनूचा घाम खारट? घाम काय कुणाचा गोड असतो व्हय?" पण सरांना खोटं पाडायची संधी त्या सोडणाऱ्या नव्हत्या. अट त्यांनीच घातली. दृष्ट थांबवायची, मीठ मनूच्या जवळ आणायचं नाही, आंघोळ त्या स्वतः घालणार, आणि त्या सांगतील तेच शेवटचं. खोटं निघालं तर सरांनी महिनाभर थांबायचं नाही, त्याच दिवशी खोल्या सोडायच्या. सर कुंपणापलीकडून म्हणाले, "कबूल. फक्त आधी दुसऱ्या कुणाचा तरी घाम चाखा. नाहीतर तुलना कशाशी करणार?"

ठरल्या दिवशी आत्याबाईंनी मनूला सकाळी चोळून आंघोळ घातली, स्वच्छ झबलं चढवलं आणि दुपारभर कुणाच्या हातात दिलं नाही. मनू उकाड्यात झोपून घामेजून उठली. तेवढ्यात मनूचे बाबा शेतातून आले, दिवसभर उन्हात राबून, शर्ट पाठीला चिकटलेला. आत्याबाईंनी त्यांना दारातच थांबवलं. "हात दे इकडं." त्यांनी आपल्या कर्त्या पोराच्या मनगटाला जीभ लावली, पदरानं तोंड पुसलं, चूळ भरली. मग मनूला मांडीवर घेऊन तिच्या कपाळाला ओठ लावले.

आम्ही सगळे बघत होतो. सर कुंपणाशी उभे होते आणि पिशवी त्यांच्या खांद्याला होती; निघायच्या तयारीनं आले होते.

आत्याबाईंनी पुन्हा मनगट चाखलं, पुन्हा कपाळ.

"काय झालं?" मनूच्या बाबांनी विचारलं.

"हिचं जास्त हाय," त्या म्हणाल्या. आवाज त्यांचा वाटत नव्हता. "शेतातून येऊन राहिलेल्या माणसापरीस या एवढ्याशा लेकराचं जास्त हाय." मग त्या माझ्याकडे बघून म्हणाल्या, "त्याचंबी असंच व्हतं गं. मुका घेतला की खारट लागायचं. मला वाटायचं, माझ्याच हाताचं मीठ."

त्या घरात मुलाचं नाव त्याच्या जाण्यानंतर कुणी काढलं नव्हतं. त्या दिवशी आत्याबाई मनूला छातीशी धरून त्याच्यासाठी रडल्या, आणि मी त्यांच्याजवळ जाऊन बसले. किती दिवसांनी आम्ही दोघी एका चटईवर बसलो होतो. सर केव्हा आत गेले ते कुणी बघितलं नाही.

हिंगोलीच्या डॉक्टरांनी आमचं ऐकून घेतलं आणि पुण्याला पाठवलं. तिथं मनूच्या हातावर औषध लावून, थोडासा वीजप्रवाह देऊन घाम काढला, आणि त्यातलं क्लोराइड मोजलं. सिस्टिक फायब्रोसिस. सरांच्या वर्गातलं तेच मागचं दार. ते घामातच नाही, छातीतही बंद असतं, म्हणून कफ चिकट होतो. पोटातही असतं, म्हणून खाल्लेलं अंगी लागत नाही. डॉक्टरांनी हेही सांगितलं की धूर, ठसका अजिबात नको.

रिपोर्ट घेऊन परतलो तेव्हा सर फाटकाशी वाट बघत होते. मी कागद पुढं केला. मला वाटलं, आता तरी 'मी म्हणत होतो' असं म्हणतील. त्यांनी वाचलं आणि पहिला प्रश्न विचारला, "नावात घोळ नाही ना? बाटल्या बदलल्या नसतील ना?" मी म्हणाले, तपासणी दोनदा केली, दोन्ही वेळा तेच आलं. "तिसरी करता येईल का?" त्यांनी विचारलं, आणि तेव्हा मला कळलं की या माणसाला किती मनापासून खोटं ठरायचं होतं.

दुसऱ्या दिवशी ते कॉलेजला आले नाहीत. आत्याबाई संध्याकाळी म्हणाल्या, "सरांचं दार सकाळपासून उघडंच हाय. कुलपं तशीच लोंबकळून राहिली." मग त्यांनीच त्यांच्यासाठी भाकरी थापली आणि नेऊन दिली. सरांनी ती उलटसुलट न बघता खाल्ली, असं त्या म्हणाल्या. खोल्या खाली करायचा विषय पुन्हा कुणी काढला नाही.

एक गोष्ट मात्र आत्याबाईंच्या मनात राहिलीच होती. दोन दिवसांनी त्यांनी सरांना अंगणात बोलावून विचारलं, "हे आलं कुठून? हिच्या माहेरातून का आमच्याकडून?"

"दोन्हीकडून," सर म्हणाले. "प्रत्येकाला आईकडून एक कडी येते, बापाकडून एक. एक बिघडली तरी दुसरीवर दार चालतं. मनूच्या आईची एक बिघडलेली आहे, बाबांची एक. त्यांना कधी कळलंही नसतं. मनूच्या वाट्याला दोन्ही बिघडलेल्या आल्या."

"मंग दोष कुणाचा?"

"कडीचा."

आत्याबाईंनी माझ्याकडे बघितलं, मी त्यांच्याकडे. मग त्या म्हणाल्या, "चहा ठेव सरांना. त्यांच्याच पेल्यात दे बाई, न्हाईतर पुन्हा दुधाचा थेंब सोडत बसतील."

मनू आता तिसरीत आहे. रोज सकाळी आणि संध्याकाळी मी तिची पाठ थोपटून कफ मोकळा करते, वाफेच्या मशिनवर औषध देते, प्रत्येक खाण्याआधी पचनाच्या कॅप्सूल. उन्हाळ्यात आत्याबाई तिच्या पाण्यात मीठ-साखर घालून मागं मागं फिरतात. मूठ तीच, मीठ तेच, पण आता ओवाळून शेगडीत जात नाही. मधूनमधून दवाखान्यात भरती व्हावं लागतं. नव्या औषधांबद्दल ऐकतो, ती अजून आमच्या हाताशी नाहीत. ती बरी आहे, असं मी कधीच म्हणत नाही. तिचा खोकला जरा वेगळा आला की उठून बसते, कफाचा रंग बघते, कॅप्सूलची तारीख वाचते, दुकानदाराला वाचायला लावते, पुन्हा वाचते. मनूचे बाबा म्हणतात, तू सरच होऊन राहिलीस. झाले तर झाले.

यंदा सर निवृत्त झाले आणि गावाकडे निघाले. सामान गाडीत चढवलं, दोन्ही कुलपं पिशवीत टाकली आणि निरोप घ्यायला दारात आले. तेवढ्यात आत्याबाई आतून म्हणाल्या, "सर, थांबा. तोंड पूर्वेला करा."

त्यांच्या मुठीत मीठ-मोहरी होती. मिरच्या नव्हत्या.

मला वाटलं सर आता वाद घालतील, निदान पूर्व कुठली ते दोघांना तरी विचारतील. ते मुकाट्यानं वळले. आत्याबाईंनी त्यांच्यावरून तीन वेळा मूठ उतरवली. "आल्याची, गेल्याची, घरच्याची, दारच्याची... आन माझी. सगळ्यांत जास्त माझीच लागली असंल या माणसाला." मग शेगडीकडे न जाता त्यांनी मूठ पाण्याच्या बादलीत सोडली. सर वाकून बघत होते. मोहरी तळाला बसली आणि मीठ दिसेनासं झालं.

"सुटे झाले," सर म्हणाले. त्यांचे डोळे भरून आले होते.

मनूला आपली सगळी गोष्ट पाठ आहे. ती पुढं आली आणि म्हणाली, "सर, सगळ्यांनी मला चाखलं. आज्जीनं, आईनं, डॉक्टरांनी बी मशिनीत चाखलं. तुमीच न्हाई चाखलं."

खरंच होतं ते. त्या निळ्या झबल्यानंतर इतकी वर्षं त्या माणसानं तिला साधा हातही लावला नव्हता. त्यांनी आत्याबाईंकडे बघितलं. आत्याबाई म्हणाल्या, "बघता काय? लेकरू म्हणून राहिलं ना."

सर गुडघ्यावर बसले आणि त्यांनी मनूच्या कपाळाचा मुका घेतला. मग बराच वेळ ओठांवर जीभ फिरवत विचार करत राहिले.

"खारट हाय ना?" मनूनं विचारलं. "झाली खात्री?"

"नाही," सर म्हणाले. "एकदा चाखून काय कळतं? आता थंडी आहे. पुढच्या उन्हाळ्यात येऊन पुन्हा बघावं लागेल. त्याच्या पुढच्याही."

फाटकाबाहेर गाडीवाल्याला त्यांनी विचारलंच, "स्टँडलाच ना?" तो हो म्हणाला, मग मनूलाही विचारलं. मनूनं हो म्हटल्यावर मात्र ते तिसऱ्या कुणाला न विचारता बसले.

आमच्या घरातल्या प्रत्येकाला उन्हाळ्याची धास्ती आहे. वाट बघते ती एकटी मनू.